मधला पर्याय

हेलेन्सबरोच्या वृद्धाश्रमात, खोली नंबर अकरा.
खिडकीतून खाडीचं पाणी दिसतं, शिशासारखं,
आणि एखाद्या पहाटे त्यावरून सरकणारी
काळी पाठ. डोळे नाहीत, शेपूट नाही.
ती गेल्यावर बऱ्याच वेळानं
तिची लाट किनाऱ्याला येते.
मिस्टर इनिस ती लाट मोजत बसतात.

तीन दिवस ते पंतप्रधान होते.
खोटे.
खऱ्याला सवड नव्हती,
म्हणून अर्थखात्यातला कुणीतरी हवा होता.
विल्टशरच्या जुन्या दगडखाणीत त्यांना खाली नेलं
आणि सांगितलं, सराव आहे,
सही मात्र खरी करा.

मी मिरजेची. नर्सिंग तिथलंच.
त्यांच्या सुजल्या पायांत मोजे चढवताना
रोज नव्यानं ऐकते :

"सिस्टर, कागदावर तीन पर्याय असत.
पहिला, काहीच न करणं. दोन ओळींत उरकलेला.
तिसरा, सगळंच करणं. नऊ पानं,
शहाणा माणूस अर्ध्यात मिटेल अशी.
आणि मधला, दीड पानाचा,
समास सोडून, सुबक टाइप केलेला.
बाकीचे दोन
मधला निवडावा म्हणूनच लिहिलेले असतात,
हे मला वर उजेडात आल्यावर कळलं.

दाढ ठणकत होती. हे कुठेच नोंदलेलं नाही.
समोरचा अ‍ॅडमिरल एकदाही घड्याळाकडे बघेना,
त्याचंच जास्त दडपण.
शत्रूच्या मनातलं सांगायला एक प्राध्यापक होता,
तो शत्रू म्हणून दर वेळी
माझ्यासारखाच एक माणूस उभा करायचा,
फक्त दाढ न दुखणारा.

मग मी सही केली.
आणि काय वाटलं, सांगू?
सुटलो.
भीती नाही, पाप नाही.
वाट बघणं संपलं, एवढंच.

कुणीतरी टाळी वाजवली. चहा आला, आल्याची बिस्किटं आली.
एका पोरानं नकाशावरचं ते शहर
खोडरबरानं स्वच्छ पुसून पुन्हा लिहिलं,
नकाशा पुढच्या वर्षी लागणार होता."

एकदा मी त्यांना आमची म्हण सांगितली,
इकडे आड, तिकडे विहीर.
ते खूप वेळ गप्प.
मग विचारलं, "आणि मधे?"
मधे काही नाही, म्हटलं. मधे उभा असलेला माणूस.
"किती वेळ उभं राहता येतं त्याला?"
म्हणीत ते नव्हतं.

जेवणानंतर मी ट्रॉली आणते,
कस्टर्ड, जेली, भाताची खीर.
त्यांचा हात मधल्या वाटीकडे जातो,
थबकतो, मागे येतो,
पांघरुणावर पेन शोधू लागतो.
खीर थंड होते. होऊ दे.

रात्री तीनला हाक येते,
"उत्तर आलं का त्यांचं?"
आम्हाला शिकवलंय, अशा माणसाला खोडू नये.
पहिले काही महिने मी म्हणायचे, हो, आलं,
सगळं ठीक आहे, झोपा.
मग ते उठून बसायचे, घामाघूम :
काय आलं? कुणाच्या सहीचं?
ठीक म्हणजे कुणासाठी ठीक?

आता मी म्हणते, नाही अजून.
आणि स्टूल ओढून बसते.
कधी ते माझ्यावर ओरडतात,
कधी मी त्यांच्यावर, मराठीत.
दोघांनाही काहीतरी करून टाकावंसं वाटत असतं,
दिवा लावावा, गोळी द्यावी, डॉक्टरला उठवावं.
हात मांडीखाली धरून बसावं लागतं.

सातला माझी पाळी संपते.
आज पहाटेच ती काळी पाठ गेली.
लाट अजून दगडांपर्यंत आलेली नाही.
मी कोट घालते.
काढते.